परत येणारी चादर

खडकी पुण्यात मोडते की नाही, यावर नारायण पेठेतली माणसं अजून वाद घालतात. खडकीकरांना त्याचं सोयरसुतक नाही. आणि लग्नाच्या ब्लाउजवर जरीकाम करून घ्यायची वेळ आली, की त्याच पेठेतल्या मुली दुचाकीवर बसून खडकी बाजारात यायच्या, मशिदीमागच्या गल्लीत अख्तरबानूचं घर विचारत फिरायच्या. आल्या की मोबाइलवरचा फोटो पुढे करायचा आणि सेम असंच हवं म्हणायचं. अख्तरबानू फोटो लांब धरून बघायची, नाक मुरडायची आणि सांगायची, सेम कशाला, हे वाईट आहे, मी चांगलं करून देते. मुली आधी रुसायच्या आणि ब्लाउज हातात पडला की आपल्या बहिणींना घेऊन यायच्या. बाईच्या हातात कलाच तशी होती, आणि तोंड म्हणाल तर ते गिऱ्हाइकाची भीड ठेवणारं नव्हतं.

तिचा नवरा शकील स्कूटरची सीटकव्हरं शिवायचा. माणूस इतका अबोल, की दुकानातलं मशीन त्याच्यापेक्षा जास्त बोले. शहाबाज त्यांचा एकुलता एक मुलगा. चाकणला एका कारखान्यात लागला होता. एका सकाळी पाळी संपवून घरी येताना हायवेवर त्याला टेम्पोनं उडवलं, आणि दवाखान्यात पोर शुद्धीवरच येईना.

अख्तरबानू नदीकाठच्या लहानशा दर्ग्यात गेली आणि मन्नत बोलली. पोर वाचू दे, माझ्या हातानं भरलेली चादर चढवीन, टाक्याटाक्याला दुरूद म्हणीन. दुरूद म्हणजे पैगंबरांवर सलाम पाठवणारे चार शब्द. ते तिच्या आईनंच तिला सुईबरोबर शिकवले होते. आता रीत अशी, की मन्नत पुरी झाली की मग चादर आणायची. पण हिला धीर कुठला! घरी आली आणि त्याच दिवशी तिनं हिरवं साटीन लाकडी चौकटीवर ताणलं. आपण घाई केली तर वरचाही घाई करील, असं तिच्या मनानं घेतलं होतं. शकील दवाखान्यात बसला की ही टाके घालायची, ही दवाखान्यात गेली की तो घरी येऊन चौकटीकडे बघत बसायचा. मधोमध कलमा, अल्ला एकच आहे म्हणणारी ती पवित्र ओळ, भरून झाला. कडेची वेल निम्मीअधिक झाली. आणि एका दुपारी शकील फोन न करताच घरी आला. त्याचं तोंड बघून तिला कळलं. सुई वेलीत तशीच ठेवून ती उठली.

त्यानंतर तिनं सुई हातात धरली नाही. चौकट भिंतीला टेकवून तिच्यावर जुनी बेडशीट टाकली. मुली यायच्या, दारातूनच परत जायच्या. नमाजही सुटला. लहान पोरं मैत्रिणीशी धरतात तशी तिनं अल्लाशी कट्टी धरली, आणि हे ती कोणापासून लपवतही नव्हती. आपण मागितलं काय आणि मिळालं काय, असं उघड म्हणायची. नातेवाईक कानावर हात ठेवायचे.

शेजारच्या कांताबाई तेवढ्या रोज यायच्या. दारूगोळा कारखान्यातून निवृत्त झालेल्या, नवरा केव्हाच गेलेला, पौर्णिमेला पांढरं लुगडं नेसून विहारात जाणाऱ्या. त्यांनी कधी समजूत घातली नाही. चहा घेऊन यायच्या, निम्मा हिच्यापुढे ठेवायच्या आणि कारखान्यातल्या जुन्या साहेबांची उणीदुणी काढत बसायच्या. जाताना बेडशीटकडे बोट दाखवून म्हणायच्या, सुई गंजेल बरं का, आणि तूही. आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा चहा यायचाच.

चादरीचं करायचं काय, हा प्रश्न मात्र घरात तसाच पडून होता. ती पुरी करावी तर कोणासाठी? फेकावी तर वर कलमा. दर्ग्यात न्यावी तर कशाच्या बदल्यात? एकदा शकील भीतभीत म्हणाला, अर्धी आहे तशीच चढवून येऊ, जीव तरी मोकळा होईल. त्यावर अख्तरबानूनं त्याला असं काही सुनावलं, की बिचारा जेवण टाकून दुकानात गेला. ती मागून रडली, पण त्याला बोलवायला गेली नाही.

वर्ष उलटून गेलं. मशिदीबाहेर अत्तराची पेटी घेऊन बसणारे एक म्हातारे चाचा वारले. जनाजा गल्लीतून निघाला. बायका दारातून बघत होत्या, त्यात हीही होती. खांद्यावरून डोला समोर आला आणि तिची नजर गेली ती त्यावरच्या चादरीवर. मशिदीची जुनी चादर ती, गल्लीतल्या प्रत्येक मयतीला तीच वापरायची आणि दफनाआधी काढून परत आणायची. उन्हानं रंग उडालेला, किनार लोंबलेली, एका कोपऱ्याला चक्क सुतळी बांधलेली. अख्तरबानू बघतच राहिली. मग तिच्या डोक्यात लख्ख उजेड पडला. शहाबाजही याच चादरीखालून गेला होता. त्या दिवशी तिनं मान वर केली नव्हती, म्हणून तिला दिसलं नव्हतं.

आता दुःख बाजूला राहिलं आणि बाईला राग आला. शकील कब्रस्तानातून येतो न येतो तोच तिनं त्याला दारात गाठलं. माझ्या घरी जरीचा दोरा, माझ्या घरी साटीन, आणि माझं पोर असल्या चिंधीखाली गेलं? तुम्ही एवढे शिवणारे, एक कड दुमडून घालता आली नाही कोणाला? शकील ऐकत राहिला. कितीतरी दिवसांनी बायको शिवणाबद्दल बोलत होती, तेव्हा शिव्यासुद्धा त्याला गोड लागल्या असतील.

ती जुनी चादर तिनं दुरुस्तीला घरी मागवली. सुई लावताच कापड फाटत गेलं. तिनं ती घडी करून ठेवली आणि भिंतीकडे बघितलं. मग डोक्यावरून ओढणी घेतली आणि ती अर्धी चादर पुरी करून मयतींसाठी देता येईल का, हे विचारायला मौलानांच्या घरी गेली. नणंद हा बेत ऐकून आधीच म्हणाली होती, जगण्यासाठी बोललेली चादर मेलेल्यांवर घालणार? असलं अशुभ कोणी करतं का? ते शब्द हिच्या मनातून जात नव्हते.

मौलाना म्हणाले, "तुमचं काम झालं नाही, म्हणून मन्नतीचं देणं तुमच्यावर नाही. आता द्याल ते तुमच्या खुशीचं."

"खुशीचं नाही," ती म्हणाली. "रागाचं आहे."

मौलाना म्हणाले, "द्या. रागानं दिलेलंही पोचतं."

चौकट खाली आली. वेलीत अडकलेली सुई खरंच गंजली होती, कांताबाईंना ते सांगण्यावाचून गत्यंतर नव्हतं. अख्तरबानूनं नवी सुई घेतली, आणि अडचण समोर आली. वर्षभरात जुनी जर काळपट पडली होती. नव्या जरीचा पहिला टाका घातला तर तो शेजारच्या पानापेक्षा ढळढळीत उजळ. कांताबाई म्हणाल्या, उसव सगळी वेल आणि पहिल्यापासून घाल, तुझ्या हाताला काय जड आहे. पेठेतल्या मुलीच्या ब्लाउजवर असा फरक पडला असता तर हिनं खरंच उसवलं असतं. इथं तिनं मान हलवली. "तिथं माझा पोरगा गेला," ती म्हणाली. "दिसू दे."

मग ती रोज बसू लागली. टाका घालताना तिचे ओठ हलायचे. कांताबाईंना वाटलं, दुरूद सुरू झाला, कट्टी सुटली. त्यांनी तसं विचारलं, तर ही नुसतीच नाही म्हणाली. काय म्हणते आहेस, हे काही तिनं सांगितलं नाही, आणि कांताबाईंनी खोदून विचारलं नाही. वेल चौथ्या कडेला वळली तेव्हा एका दुपारी कांताबाईंनी स्वतःच्या कानांनी दुरूद ऐकला. अख्तरबानूच्या ते ध्यानातही नव्हतं. हाताला ज्याची सवय होती ते शब्द हाताबरोबर परत आले होते. त्या दिवशी संध्याकाळी तिनं नमाजाचा जानमाज अंथरला आणि बराच वेळ सजद्यात जमिनीला टेकलेलं डोकं उचललं नाही.

चादर पुरी होऊन मशिदीत गेली आणि थोड्याच दिवसांत गल्लीतल्या एका आजोबांवर घातली गेली. अख्तरबानू दारात उभी राहिली. या वेळी तिनं मान वर ठेवली. हिरवी चादर खांद्यांवरून कोपऱ्यापर्यंत गेली, वळली आणि दिसेनाशी झाली. चादर परत येते हे तिला माहीत होतं. पण या गल्लीतून कब्रस्तानाकडे गेलेलं काही परत आलेलं तिनं पाहिलं नव्हतं. ती आत येऊन बसली.

शकील परत आला तेव्हा त्याच्या हातावर चादर होती, घडी केलेली, कडेला थोडी माती, आत गुलाबाच्या दोन पाकळ्या.

"आली परत," तो म्हणाला.

एवढंच. पण अख्तरबानूनं चादर कुशीत घेतली आणि शहाबाज गेल्यापासून रडली नव्हती तशी ती रडली, आणि शकील शेजारी बसून तिच्याबरोबर रडला. मग तिनं उठून चादर धुतली. कलम्याला लागलेलं पाणी मोरीत सोडायचं नसतं, म्हणून ते तिनं सब्जाच्या कुंडीत ओतलं. त्याच सब्जाच्या काड्या शकील शुक्रवारी मुलाच्या कबरीवर ठेवून येतो.

तेव्हापासून हा रिवाजच झाला. चादर जाते, परत येते, ही धुते, निसटलेला टाका घालते. ब्लाउजही पुन्हा सुरू झाले आहेत, आणि पेठेतल्या मुलींना पुन्हा बोलणी बसू लागली आहेत.

परवा मागच्या गल्लीतली जिनत आली. अजून तिशीही नाही. तिचं शाळेत जाणारं पोर तापानं गेलं, याच चादरीखालून. आली आणि नुसती बसून राहिली. अख्तरबानूनं तिला सबुरीचं काही सांगितलं नाही. चादरीची एक कड सुटली होती, ती तिच्या मांडीवर ठेवली, सुईत दोरा ओवला आणि सुई तिच्या हातात दिली. जिनतनं विचारलं, "खाला, टाका घालताना तुम्ही काहीतरी म्हणता ना? मला आता काहीच म्हणवत नाही."

अख्तरबानूनं तिच्या हातातलं कापड सरळ केलं.

"मलाही म्हणवत नव्हतं," ती म्हणाली. "ही उजळ वेल दिसते ना, ती मी शहाबाज, शहाबाज म्हणत भरायला घेतली. तू तुझ्याचं नाव घे. बाकीचं मागून येतं."

जिनतनं खाली बघितलं, आणि पहिला टाका घातला.