बर्फात दाबलेली सुई

माझी शाळा सातवीतच सुटली. त्यामुळे डॉक्टरांपुढे बसले की मला आधी भीती वाटते आणि ते काय म्हणाले ते घरी आल्यावर कळतं. त्या दिवशी मात्र तिथेच कळलं. गावाजवळच्या सौंसरच्या डॉक्टरबाई म्हणाल्या, डांग्या खोकल्याची लस घेऊन टाका.

माझा धाकटा भाऊ त्या खोकल्यानेच गेला. दोन महिन्यांचाही नव्हता. खोकून खोकून निळा पडायचा आणि मग श्वास घ्यायचंच विसरायचा. आई त्याला खांद्यावर उभा धरून अंगणात फिरत राहायची. माझ्या पोटात बाळ आल्यापासून ते अंगण रोज डोळ्यांपुढे येत होतं.

डॉक्टरबाईंनी समजावलं, गावातल्या नर्सबाईंनी आधी दिलेल्या धनुर्वाताच्या सुया वेगळ्या, त्यात हा खोकला येत नाही. बाळाची स्वतःची लस दीड महिन्यानंतर. तोवर आईच्या अंगात जे बळ तयार होतं, तेच नाळेतून त्याला मिळतं. त्यासाठी सातव्या-आठव्या महिन्यात टोचून घ्यायचं. माझा आठवा लागला होता.

पहिलं बाळंतपण माहेरी करतात. माझं माहेर रत्नागिरीकडे. नवरा तिकडे कारखान्यात होता, लग्नानंतर संत्र्याची बाग सांभाळायला मला घेऊन इकडे आला. पण माझी आई आता नाही. तिकडे पाठवायचा विषय निघाला तेव्हा सासूबाई एवढंच म्हणाल्या, "तिथं कोण करन तुह्यं?" आणि बाळंतिणीच्या खाटेसाठी आतली खोली रिकामी करायला लागल्या.

या लसीचं मात्र त्यांना पटेना. दोन सुया झाल्या, आता तिसरी काहून, असं त्यांचं चाललं होतं. तेव्हा मी भावाचं सांगितलं. सासरी कोणालाच ते ठाऊक नव्हतं. त्यांनी कढईखालचा गॅस बंद केला, सगळं ऐकलं आणि बाहेर येऊन नवऱ्याला म्हणाल्या, लस उद्याच घेऊन ये.

सौंसरच्या औषधांच्या दुकानांत ती नव्हती. नवरा संत्र्याची गाडी घेऊन नागपूरला गेला तेव्हा थंड डब्यातून घेऊन आला. येईपर्यंत दवाखाना बंद झालेला. त्याने ती फ्रीजच्या खालच्या खणात ठेवली, थंड राहिली पाहिजे असं सांगितलं आणि बागेला पाणी द्यायला गेला.

सकाळी खणात ती नव्हती.

"फिकर नको करू," सासूबाई म्हणाल्या. "लाइट गेली का खालचं सारं कोमट होते. म्या वरतं बर्फात दाबून ठेवली."

त्यांचं बरोबरच होतं, आमच्याकडे लाइट जातेच. मलाही तेव्हा बरंच वाटलं.

दवाखान्यात डॉक्टरबाईंनी ती रात्री कुठे ठेवली होती ते विचारलं, उजेडात धरली आणि बाजूला ठेवली. म्हणाल्या, चालणार नाही. सासूबाई म्हणाल्या, थंडच तर ठेवली होती. त्यावर डॉक्टरबाई हळूच म्हणाल्या, "आजी, संत्रं फ्रीजरमध्ये ठेवून पाहिलं का कधी? वरून साबूत दिसते, आतून गेलेलं राहते."

सासूबाईंना आणखी काही सांगावं लागलं नाही. बाहेर आलो तेव्हा त्यांचा चेहरा उतरला होता. बोलले तर रडू येईल आणि त्यांना वाटेल मी दोष देऊन राहिली, ही भीती. डॉक्टरबाई संध्याकाळपर्यंत थांबणार होत्या. मी म्हटलं, यांना फोन करू, ते जातील.

"तो रस्त्यात चहाले थांबन," त्या म्हणाल्या. "तू इथंच बस. मी चालली नागपूरले."

दुकान कुठे ते नवऱ्याला फोनवर विचारलं आणि समोर उभ्या बसमध्ये चढल्या. एरवी जवळच्या जामसांवलीच्या पुढे एकट्या न जाणारी बाई. मी दवाखान्याच्या बाकावर पोटावर हात ठेवून बसून राहिले. बाळ हललं की वाटायचं, तेसुद्धा वाट पाहून राहिलं.

ऊन कललं तेव्हा त्या आल्या. डबा पदराखाली, दोन्ही हातांनी धरलेला. बसमध्ये कंडक्टर म्हणाला होता, मावशी, डबा वर ठेवा, बसायला जागा होईल. त्या म्हणाल्या, "माह्या घरचं लेकरू हाये यात. गाडी हळू घ्याले सांग." हे त्यांनी मला नंतर सांगितलं, तेसुद्धा न हसता, तक्रार केल्यासारखं.

या वेळी डॉक्टरबाईंनी मान डोलावली. सुई टोचताना सासूबाईंनी माझं तोंड आपल्याकडे वळवलं. तिकडं पाहू नको, म्हणाल्या. पाहत त्याच होत्या. दंड दोन दिवस ठणकला, तेवढे दिवस त्यांनी मला कणीक मळू दिली नाही.

मुलगी झाली. घरात कापूस भरून ठेवला होता, त्या धुळीने सासूबाईंना खोकला झाला, तर तोंडाला पदर लावून त्या दारातूनच नातीशी बोलायच्या. बरं वाटेपर्यंत आत आल्या नाहीत. माझी आई असती तर तिने आणखी काय केलं असतं, हे मला सांगता येत नाही.

दीड महिन्याने तिच्या पहिल्या लसीला गेलो. नर्सबाईंनी सुई भरायला घेतली, तर सासूबाईंनी नातीला छातीशी घट्ट धरलं.

"बर्फात तं नव्हती ना वो बाई?"

नर्सबाई हसल्या आणि लसींची पेटी उघडून दाखवली. सासूबाईंनी वाकून, आत बोट घालून पाहिलं. मग नातीच्या मांडीवरचं दुपटं त्यांनी स्वतःच बाजूला केलं आणि तिचं तोंड आपल्याकडे वळवलं.