स्थळासाठी लाँड्रीतला फोटो

मुलीचा फोटो स्थळाकडे पाठवण्याआधी तुम्ही तिचा किती रंग पुसता?

आमच्या घरी हुंड्याविरुद्धची पत्रकं छापून यायची आणि आई ती दारोदार वाटायची. तीच आई गेल्या हिवाळ्यात नागपूरहून फोनवर म्हणाली, "बायोडेटासाठी फोटो पाठव. ते कोरियन ॲप असतं बघ, त्यात थोडा उजळ करून."

माझी रूममेट खरोखरच कोरियाची. आम्ही दोघी अमेरिकेत, पिस्कॅटवे गावात पीएचडी करतो. तिच्याकडे रोलचा जुना कॅमेरा आहे. ॲपचं ऐकून ती हसली. "आमच्याकडे नोकरीच्या अर्जावरचे फोटोही उजळतात. चल, कपडे धुवायला जायचंच आहे, तिथे काढू."

लाँड्रीत मी मशीन रिकामं होण्याची वाट बघत बसले. तिनं मला नीट बसवलं नाही, हसायलाही सांगितलं नाही. सरळ काचेच्या दाराबाहेर जाऊन उभी राहिली. तिच्या देशातल्या सिनेमांनी लहानपणापासून तिला हेच शिकवलं होतं. कॅमेरा लांब ठेवायचा, चौकटीतून बघायचं, आधी जागा दाखवायची, मग माणूस. ट्यूबलाइटचा हिरवट उजेड दुरुस्त करायचा नाही. वाट बघणारं माणूस वाट बघतानाच दिसलं पाहिजे.

रोल धुऊन आला. ओल्या काचेमागे मी, मांडीवर चादरींचा ढीग, रंग माझाच. मी तोच आईला पाठवला.

"अगं, चेहरा कुठाय?"

"मधोमध. मोठा करून बघ."

"आणि हा काय धोबीघाट? लोक म्हणतील, अमेरिकेत जाऊन कपडे धुते."

"धुतेच की. आणि सावळीही आहे. मुलगी बाजारातला माल नाही, असं छापलेलं असायचं ना?"

"माझी पत्रकं मलाच वाचून दाखवू नकोस."

मग ती फोटो मोठा करून बघत असावी.

"दमलेली दिसतेस गं. वेळेवर जेवतेस ना?"

स्टुडिओतल्या माझ्या एकाही फोटोवरून तिनं हे कधी विचारलं नव्हतं.

"पाठवते हाच," ती म्हणाली. "पण दुसरा आहे का असं विचारलं, तर त्यांच्याशी तूच बोल."

त्यांनी विचारलंच. मी सांगितलं, दुसरा नाही. मी अशीच दिसते. पुढे त्यांचा फोन आला नाही, आणि आईनंही दुसरा फोटो मागितला नाही. पुढच्या स्थळाला तिनं हाच पाठवला.

तुमच्या घरी लग्नाची मुलगी असेल, तर आज तिला विचारा, तुझा कोणता फोटो पाठवू? ती देईल तो, हात न लावता पाठवा.