काकांचं वाकडं बोट

भाजी पेरायच्या आधीच ती कोणाच्या पानात पडणार हे ठरवून मोकळा होणारा माणूस मी आयुष्यात एकच पाहिला, आणि तो माझा सख्खा काका होता याचा मला अजून अभिमान वाटतो. वडील मुंबईला गोदीत कामाला, त्यामुळे आम्हां भावंडांचं बरंवाईट सगळं काकांच्या हातात. आमची वाडी पालीपासून आत, चालत जायची. घरामागे नुसता कातळ. काकांनी पऱ्याच्या, म्हणजे ओढ्याच्या, काठची माती पाटी पाटी वाहून त्या कातळावर वाफे उभे केले होते. वाडीतली माणसं त्याला परसू म्हणत, काका मळा म्हणत, आणि काकू तोंडाला पदर लावून "ह्यांचा कारखाना" म्हणे.

दिवाळी होऊन भात घरात आलं की कारखान्याची आखणी सुरू व्हायची, आणि ती मळ्यात नाही, पुढच्या सारवलेल्या खळ्यात. राखेच्या रेघा ओढून काका वाफे पाडत. वांग्यांच्या जागी वाट्या, मुळ्यांच्या जागी पळ्या, आणि भोपळ्याच्या जागी काकूची पाण्याची कळशी. आखणी मनासारखी होईपर्यंत घरात पाणी बादलीतून प्यायचं. खळ्यातून जाताना आम्ही वाफ्यांच्या कडेकडेने जायचो. चुकून कोंबडी आत शिरली तर काका ओटीवरून ओरडत, "अगो, हाकल तिला! पावटा खाल्लान तिनं!" एकदा पोस्टमन मनीऑर्डर घेऊन सरळ आत आला, तेव्हा काकांनी त्याला जागच्या जागी थांबवलं आणि म्हणाले, "लाल माठ तुडवलास रे बाबा." तो बिचारा एक पाय वर धरून किती तरी वेळ खाली बघत राहिला.

आखणीनंतर अदमास. हा काकांचा आवडता शब्द. ओटीवर पान लावत बसायचं आणि न पेरलेल्या भाजीचा हिशेब करायचा. त्यातून आधी वानरांचं काढून ठेवायचं, मग पाखरांचं, मग चोराचं, आणि उरेल ते वाडीला वाटायचं. सुताराकडे दुधी, गुरुजींकडे मुळे, बाळंतिणीच्या घरी लाल माठ, असं तोंडी वाटप होऊन जायचं. माणसंही अशी बेरकी की बियाणं अजून आढ्याला फडक्यात टांगलेलं असायचं तोवर दारात हजर. "काका, आमचा दुधी कवा?" काका जराही न गडबडता सांगायचे, "येल मांडवावर चढतोय." अदमास दर वर्षी चुकायचा, कारण वानरांना आपल्या वाट्याचं किती हे कोणी सांगितलेलं नव्हतं. तरी शब्द दिलेल्या घरी भाजी पोचायचीच. आमच्या घरात मग कुळथाचं पिठलं व्हायचं आणि काका ते मिटक्या मारत खायचे.

पण अदमास करायचा तर फळं मोजायला हवीत, आणि इथे काकांची मोठी पंचाईत होती. कोवळ्या फळाला बोट दाखवलं की ते कुजतं, हे आमच्याकडे सगळेच मानतात. काका जरा जास्तच मानायचे. तर्जनी दुमडून, तिचं पेर पुढे करून ते कळ्या मोजत फिरायचे. फळ तयार होऊन काढणीला आलं की मगच बोट सरळ व्हायचं. हातात पाटी असली तर हनुवटीने मोजायचे. ती सवय अंगात इतकी मुरली की जे जे म्हणून वाढतंय त्याला काकांचं बोट वाकडंच. गाईच्या वासराला वाकडं, शेजारच्या तान्ह्या पोराला वाकडं, आणि मलाही वाकडंच. मी दहावी पास झाले तेव्हा पालीच्या बाजारात भेटेल त्याला थांबवून ते माझ्याकडे दुमडलेलं पेर करायचे आणि म्हणायचे, "ही आमची." मला मेल्याहून मेल्यासारखं व्हायचं. घरी येऊन मात्र मी आरशासमोर तसंच बोट वाकवून बघायचे.

पुढे मला स्थळ आलं ते घाटावरचं, कोल्हापूरकडचं. म्हणजे ज्या मुलखाची भाजी ट्रक भरभरून आंबा घाटातून खाली पालीला उतरते, आणि जिच्याकडे काका शत्रूच्या सैन्याकडे बघावं तसं बघत, तिथलंच. पाहुणे लाल गाडीने आले. मी पोह्यांच्या बशा घेऊन बाहेर आले, तसं काकांनी पेर पुढे केलं. "ही आमची." मुलाचे वडील काळजीने म्हणाले, "बोटाला काय झालंय वो?" काका म्हणाले, "काय नाय, सवय."

चहा झाल्यावर काका त्यांना मळा दाखवायला घेऊन गेले. मी मागच्या दारातून बघत होते. पाहुणे शेतकरी माणूस, पण कातळावरचा वेल बघून हरखले आणि नारळाएवढ्या भोपळ्याकडे चांगलं लांब बोट करून म्हणाले, "ह्यो केवढा हुईल?" पुढचं वाक्य कोणाला सुचायच्या आत काकांनी पाहुण्यांचं बोट धरलं आणि दुमडलं. होणाऱ्या व्याह्याचं! काकूने कपाळाला हात लावला. माझं लग्न त्या भोपळ्याच्या वेलाला लटकत होतं. पाहुणे क्षणभर आपल्या बोटाकडे बघत राहिले, मग वळून दारात उभ्या माझ्याकडे बघितलं, आणि मोठ्याने हसले. "आमच्यातबी मानत्यात. इसारलोच की मी. आनि मघा पोरीला तसलं बोट का, त्ये आत्ता उमगलं." जाता जाता मात्र त्यांनी चिमटा काढलाच. "मळा झ्याक हाय. पर लग्नाची पंगत काय ह्या फत्तरावर उठायची न्हाई. भाजी आमी धाडू."

काका ताठ झाले. "मांडवात घाटावरचं एक पान येणार नाय."

शब्द गेला. माघात लग्न. आयुष्यात कधी बरोबर न आलेल्या अदमासावर सगळ्या वाडीचं नाक अडकलं. तेव्हापासून काका मळ्यातच राहायला गेले म्हटलं तरी चालेल. पत्र्याचा डबा बडवून वानरं हाकलायचे, जेवणसुद्धा बांधावर. वांगी धरली, पावटा भरला, भोपळे पानांआड मावेनासे झाले. काकू मला हळूच म्हणाली, "बाय, पालीला निरोप ठेवलाय मी. भाजी कमी पडली तर घाटावरची गाडी येईल." तो निरोप काकांना कळला असता तर त्यांनी अन्न सोडलं असतं.

गाडी आली नाही. लग्नादिवशी वऱ्हाड आलं ते सांगितल्यापेक्षा कितीतरी जास्त, आणि पंगतीमागून पंगत उठत राहिली. भोपळ्याची भाजी, वांगी, पावट्याची उसळ, मुळ्याची कोशिंबीर. वाढपी पुन्हा पुन्हा वाढत होते आणि काका पंगतीतून हात मागे बांधून फिरत होते. एवढे ताठ मी त्यांना कधी पाहिले नव्हते. शेवटच्या पंगतीला ते बसले तेव्हा मी आणि सासरे मांडवातच होतो. सासऱ्यांनी त्यांच्या पानात डोकावून बघितलं. भात, वरण आणि लोणच्याची फोड.

"भाजी संपली काय वो?"

"बरोबर संपली," काका म्हणाले. "माजं पान मी अदमासात कदी धरतच नाय."

सासरे आपलं उपरणं सावरत काकांच्या शेजारी पाटावर बसले आणि वाढप्याला म्हणाले, "मलाबी वरनभात वाड." ते मघाशीच जेवले होते. माझी मान अभिमानाने वर झाली, आणि मुंडावळ्या नसत्या तर सगळ्यांना माझे भरलेले डोळे दिसले असते.

संध्याकाळी पालीहून वऱ्हाडाची गाडी सुटायला लागली. ड्रायव्हरने मागे वळून विचारलं, "नवरी बसली ना? ह्यातली कुठली ती?" मी खिडकीशी होते, शेजारी करवली. खाली उभ्या काकांनी हात वर केला. त्यांचं बोट दुमडायची मी सवयीने वाट बघत राहिले. ते दुमडलं नाही. सरळ, लांब, थेट माझ्याकडे.

"ही," काका म्हणाले. "ही आमची."

मी जी रडायला लागले ती घाट चढेपर्यंत थांबले नाही. गाडीतल्या सगळ्यांना वाटलं, माहेर सुटलं म्हणून रडतेय. तेही होतंच.