पासपोर्टवर सरिता, घरात गौरी

मंडळी, आज सकाळी कलेक्टर ऑफिसात आमची फाईल एका नावावर अडली.

माझी बायको मॉरिशसची. लग्नानंतर सात वर्षं सोलापुरात काढली, तेव्हा कुठं भारताच्या नागरिकत्वासाठी अर्ज करता आला. आज मूळ कागद तपासायचे होते. आईपण सोबत आली होती.

साहेबांनी पासपोर्ट पाहिला, लग्नाचा दाखला पाहिला आणि मान वर केली. "पासपोर्टवर सरिता, दाखल्यावर गौरी. ही एकच बाई आहे कशावरून?"

फाईल परत आली तर सगळं पहिल्यापासून!

आईच पुढं झाली. "सायेब, लग्नात तांदळात नवं नाव लिवायची रीत हाय आमची. गौरी नाव मीच ठेवलं की."

साहेब आईकडे न बघता बायकोला म्हणाले, "प्रतिज्ञापत्र आणा. आणि नागरिकत्वाच्या प्रमाणपत्रावर कुठलं नाव हवंय, ते तुम्ही सांगा."

ती क्षणभरही थांबली नाही. "सरिता."

परत येताना रिक्षात माझ्या डोक्यात एकच घोळत होतं. इतकी वर्षं मी तिला गौरी म्हणतोय, आणि तिला कुठलं नाव हवंय हे आज पहिल्यांदा विचारलं ते एका परक्या माणसानं.

तुमच्या घरात कुणी विचारलं होतं का?