नवव्या ओळीवरचा शिक्का

कुसाकाबे तोकुजी हाचिनोहेत टोफू विकायचा आणि महिन्यातले दोन रविवार कुस्तीत पंच व्हायचा. टोफू मऊ आणि माणूसही तसाच. हा एवढासा जीव त्या अगडबंब पैलवानांच्या पायात शिरून चटईवर हात कसा आपटतो, हे पाहायला सुरुवातीला लोक हसायलाच येत. पण त्याने तीन मोजले की मोजले. मग तिथे कोणाच्या बापाचं चालत नसे.

त्यांच्या छोट्या संस्थेच्या जोडीच्या किताबाला यंदा तीस वर्षं झाली. त्यानिमित्त आजवरच्या सगळ्या विजेत्या जोड्यांची पुस्तिका निघणार होती. चिटणीस मसुदा घेऊन दुकानात आला. "कुसाकाबे-सान, किताबाच्या प्रत्येक लढतीला पंच तुम्हीच. यादी बरोबर आहे म्हणून शेवटी तुमचा शिक्का द्या. शुक्रवारी छापायला जातेय."

तोकुजीने शिक्का काढला, आठ ओळी वाचल्या आणि नवव्या ओळीपाशी त्याचा हात अडकला. चार दिवस ती पुस्तिका भिजत घातलेल्या सोयाबीनशेजारी पडून होती.

"अहो, शिक्का मारायचाय, मुलगी द्यायची नाहीये," त्याची बायको फुमिए म्हणाली.

"नववी ओळ खोटी आहे. मीच ती खोटी केली."

बावीस वर्षांत पहिल्यांदाच हे त्याच्या तोंडून निघालं. जोडीच्या कुस्तीत एक गडी आखाड्यात लढतो, दुसरा दोरीबाहेर थांबतो. आतल्याला हात लावला की अदलाबदल. आणि हार धरायची ती लढत्या गड्याचे खांदे तीन मोजेपर्यंत टेकले, तरच. त्या संध्याकाळी गावची लाडकी जोडी ओनोदेरा आणि हिरोसावा सेंदाईच्या पोरांशी किताब राखायला लढत होती. हिरोसावा दोरीशी कोलमडला, बाहेरचा ओनोदेरा आत धावला, आणि सेंदाईवाल्याने त्यालाच उचलून आपटला. टेकलेले खांदे दिसले आणि तोकुजीचा हात आपोआप पडला. एक, दोन, तीन! मग त्याने मान वळवली, तर हिरोसावा अजून दोरीशीच पडलेला. त्याच्या हिशोबी लढता गडी हिरोसावा होता. लोक ओरडले, "चुकीचा माणूस!" आखाड्यात उशा येऊन पडल्या. हरलेली जोडी मात्र अवाक्षर न काढता निघून गेली, आणि किताबाचे दोन्ही पट्टे सेंदाईला गेले. तीच ही नववी ओळ.

"म्हणून झोपेत गादीवर हात आपटता होय!" फुमिए म्हणाली. त्या आपटण्यापायीच ती कधीची शेजारच्या खोलीत झोपायला गेली होती. "मग ज्याचा पट्टा गेला त्याच्यापाशी बोला. सोयाबीनला काय सांगताय?"

ओनोदेराने निवृत्तीनंतर सार्वजनिक न्हाणीघर काढलं होतं; उघडलं की फुमिएही रोज तिथेच अंघोळीला जायची. तोकुजी पुस्तिका आणि टोफूची वडी घेऊन दोन वाजता, म्हणजे उघडायच्या तासभर आधी, तिथे पोचला. ओनोदेरा फरशी घासत होता. तोकुजीने ओल्या फरशीवर गुडघे टेकले, कपाळ टेकलं आणि सगळं भडाभडा बोलून टाकलं.

ओनोदेराने नळ बंद केला. सत्तरीच्या त्या पैलवानाचे कान लालबुंद झाले होते.

"ऊठ, तोकुजी. विजार भिजली तुझी."

"आधी माफ करा."

"कशाबद्दल? तू बरोबर माणसावर मोजलंस. हिरोसावा दोरीशी पडला तेव्हा मी त्याच्या पाठीला हात लावला होता. तू पलीकडे होतास, तुला दिसलं नाही. हात लागला की लागला, नियमच आहे आपला. लढता गडी मीच होतो."

"मग बोलला का नाहीत?"

"लोक इथे येऊन म्हणायचे, तुम्ही हरलाच नाहीत, तुमच्यावर अन्याय झाला. फार गोड लागायचं रे. आज सांगू, उद्या सांगू... हिरोसावासुद्धा मरताना बजावून गेला, त्या पंचाला एकदा सांगून टाक म्हणून."

आयुष्यात कधी आवाज न चढवलेला तोकुजी गरजला, "बावीस वर्षं! बायको वेगळ्या खोलीत झोपते माझी!"

"ते मला काय माहीत? तू तरी कधी विचारलंस?"

दोघे एकमेकांकडे बघून हसत सुटले. हसता हसता तोकुजीला रडू आलं. छातीवरचा धोंडा कोणीतरी उचलून बाजूला ठेवला होता. त्याने टॉवेलला हात पुसला, पुस्तिका उघडली आणि शिक्का असा दाबला की खालच्या पानावरही उमटला.

"आता भिजलायस तर अंघोळ करूनच जा," ओनोदेरा म्हणाला.

तीन वाजता न्हाणीघर उघडल्याचा पडदा दारावर लागला आणि पुरुषांत मासळीबाजारातला एक म्हातारा नेहमीसारखा पहिला आला. "काय ओनोदेरा-सान, त्या दिवशी तो आंधळा पंच नसता तर—"

तोकुजी गळ्यापर्यंत गरम पाण्यात होता. तो नाकापर्यंत खाली सरकला.

"हरलो होतो मी," ओनोदेरा म्हणाला. "माणूस बरोबर होता, मोजणी बरोबर होती. पंच आत बसलाय, विचार."

म्हाताऱ्याने आत डोकावून पाहिलं. "खरंच?"

"खरंच!" तोकुजी इतक्या जोरात म्हणाला की आवाज छतापर्यंत घुमला.

भिंतीपलीकडे, बायकांच्या बाजूला, पाणी ओतायचं थांबलं.

"अहो," फुमिएचा आवाज आला, "मग आज माझी गादी परत आणू का?"