बोल्टने तांबं खाल्लं

आमच्या वर्कशॉपच्या गाळ्यात एक नियम आहे आणि त्याला ‘का?’ म्हणून विचारायचं नाही: स्पार्क मशीनच्या वायरी काकांनीच लावायच्या. बास! घरच्या देवाची पूजासुद्धा इतकी राखीव नाही.

आणि मी कोण? मेकॅनिकलची इंजिनिअर! शिकून वसईला परत आले ती काय कोटेशनं टाइप करायला? थांबा, आत्ताच हसू नका. हसण्यासारखं पुढे आहे.

त्या दिवशी बाबा आणि काका बँकेत गेले होते. पाचूबंदरचे पेद्रूकाका बोटीच्या इंजिनाचं हेड घेऊन आले. आत बोल्ट तुटून रुतलेला.

“काका कुठं हाय गो? बोट बांधून पडलीय.”

“काका कशाला? मी आहे ना!”

मग काय, भाषणच सुरू! “तांब्याची काडी तेलात बोल्टजवळ न्यायची, पण टेकवायची नाही. मधल्या ठिणग्या लोखंड कुरतडतात. हातोडा नको, ड्रिल नको!”

वायरी दोनच. एक काडीला, एक हेडला. यात कसलं आलंय गुपित? लावल्या, बटण दाबलं. तडतडतड! काडी खाली सरकत होती, मशीनवरचा खोलीचा आकडा वाढत होता, आणि माझी मान ताठ होत होती.

“बघा, बोल्ट चार मिलिमीटर गेला!”

“इतका?” पेद्रूकाका स्टुलावरून उठलेच.

तेवढ्यात बाबा आणि काका आले. मी ऐटीत काडी वर घेतली.

बोल्ट जिथल्या तिथे, नुसता काळवंडलेला. काडी मात्र चार मिलिमीटर आखूड! वायरी उलट्या लागल्या होत्या. तासभर मी बोल्टला तांबं भरवत बसले होते हो!

“जेवला का पोटभर?” काकांनी बोल्टकडे बघून विचारलं.

“म्हणून सांगतो,” बाबा म्हणाले, “तू आपलं टायपिंग बघ.”

मी भडकले. ती काडी मशीनमधून उपसून भंगारात फेकली. वायरींची अदलाबदल केली.

“नाही बघणार! चुकले, मान्य. पण वायरी उलट्या लागल्या की तांबंच का झिजतं? काका, तुम्ही सांगा ना!”

काकांनी बाबांकडे पाहिलं. बाबांनी पंख्याकडे.

“मला ठाऊक आहे! हा बोल्ट मीच काढणार, आणि यापुढे वायरीही मीच लावणार!” मी बटणावर बोट ठेवलं.

दोघेही एक पाऊल मागे सरकले. आयुष्यात पहिल्यांदा! जिंकले की हो मी!

पेद्रूकाका हळूच खाकरले.

“पोरी, पन नवी काडी कोन लावनार?”