दाजी खेळत आहेत

माझ्या फोनवर चॅटचं एक ॲप आहे. त्यात दाजींच्या नावाखाली अधूनमधून एक बारीक ओळ येते: बुद्धिबळ खेळत आहेत. ओळ आली की दाजी जागे आहेत, पलंगाला टेकून बसले आहेत आणि मांडीवरच्या उशीवर फोन ठेवलेला आहे, एवढं मला नांदेडात बसून कळतं. ती ओळ यावी म्हणून काय करावं लागलं आणि तिच्यापायी पुढं काय झालं, ते विसरण्याआधी लिहून ठेवतो आहे.

दाजी म्हणजे माझ्या थोरल्या बहिणीचे, आक्काचे यजमान. राहायला लातूरला. एसटीत वाहतूक नियंत्रक होते, बसस्थानकावर माईकवरून गाड्या पुकारायचे. निवृत्तीनंतर दुसऱ्या वर्षी लकवा मारला. उजवा हात गेला, उजवा पाय ओढत चालावं लागलं आणि वाचा गेली. पुढं महिन्या-दोन महिन्यांनी एक शब्द तेवढा परत आला. तो शब्द म्हणजे हाव. आमच्याकडं होकाराला हाव म्हणतात.

सुरुवातीला घरात आनंद झाला. मग लक्षात आलं की दाजी सगळ्यालाच हाव म्हणतात. पंखा लावू का, हाव. बंद करू का, हाव. जेवलात का, हाव. जेवला नाहीत का, तरी हाव. डॉक्टर म्हणाले, समज किती शाबूत आहे ते आज मोजून सांगता येणार नाही, वेळ द्या. घरातल्यांनी वेळ दिला, पण त्या वेळात त्यांना विचारणं हळूहळू बंद झालं. भेटायला येणारे आक्काला विचारायचे, "कळतं का त्यांना?" आणि आक्का दाजींच्या समोरच सांगायची, "न्हाई, आता काही कळत न्हाई."

मला ते पटत नव्हतं, पण माझ्याकडं पुरावा नव्हता. मी सरकारी कार्यालयात लेखा शाखेत काम करतो. वाटतं म्हणून एखादी गोष्ट खरी धरायची सवय मला नाही.

एका सुट्टीत मी लातूरला गेलो आणि त्यांच्यासमोर बुद्धिबळाचा पट मांडला. आम्ही पूर्वी खूप खेळायचो. दाजी मला हरवायचे आणि वर म्हणायचे, "पाव्हणं, तुमची बहीण सांभाळून राहिलो, त्याच्या बदल्यात एक वजीर तर सोडा." त्या दिवशी पट पाहून ते बराच वेळ बसून राहिले. मग डाव्या हातानं राजापुढचं प्यादं एक घर पुढं सरकवलं.

एकच घर. हे महत्त्वाचं होतं. दाजी देशी बुद्धिबळ शिकलेले. त्यात प्यादं पहिल्या चालीलाही एकच घर चालतं, आणि राजाला डावात एकदा घोड्यासारखी अडीच घरं उडी मारता येते. आज शाळेत शिकलेलं कुठलंही पोर पहिलं प्यादं दोन घरं टाकतं. दाजींचा हात मात्र जुन्या नियमानं चालला होता. मध्येच त्यांनी राजाची उडीही मारली. त्या दिवशी मी हरलो.

नांदेडला परत आल्यावर रोज कोण खेळणार, हा प्रश्न होता. तो भाचीनं सोडवला. दाजींची ही एकुलती मुलगी पुण्यात संगणकाच्या कंपनीत आहे. तिनं त्या ॲपवर घरच्यांचा गट आधीच केलेला होता. त्यात काका-मावश्या धरून तीसेक माणसं. त्याच ॲपमध्ये बुद्धिबळही खेळता येतं. अडचण एवढीच होती की दाजी खेळायला बसले हे मला कळणार कसं? त्यांना निरोप लिहिता येत नव्हता, फोन लावून बोलता येत नव्हतं.

"त्याला सोय आहे, मामा," भाची फोनवर म्हणाली. "पप्पांनी गेम उघडला की त्यांच्या नावाखाली तसं दिसतं. फक्त सेटिंगमध्ये ते चालू करावं लागतं. तुम्ही शनिवारी लातूरला जा, मी सांगते तसं करा."

शनिवारी गेलो. दाजींच्या फोनवर ॲप उघडून खाली कोपऱ्यातला त्यांचा फोटो दाबला, सेटिंग उघडलं, तिथं 'ॲक्टिव्हिटी' या नावाचं पान सापडलं. मी प्रत्येक ओळ वाचत होतो. हे चालू केल्यानं कोणाला काय दिसेल, आधीचे खेळ दिसतील का, बंद केलं तर लगेच बंद होतं का.

"मामा, दाबा की," भाची माझ्या फोनवरून म्हणाली. "तुम्ही बँकेत जामीन राहून राहिलात का?"

"न वाचता मी सही करत नाही."

"सही न्हाई, बटन हाय."

दाबलं. खाली आणखी एक बटण होतं: गटातल्या लोकांनाही दाखवायचं का. ते मी तूर्त बंद ठेवलं. ॲपमध्ये दाजींच्या मित्रांच्या यादीत मी आणि भाची, दोघंच होतो. दुपारी मी गल्लीच्या टोकाला जाऊन उभा राहिलो आणि फोनकडं पाहत राहिलो. थोड्या वेळानं त्यांच्या नावाखाली ओळ आली.

त्यानंतर दुपारच्या जेवणाच्या सुट्टीत, कधी संध्याकाळी, ओळ दिसली की मी डाव उघडायचो. राजापुढचं प्यादं एक घर पुढं यायचं. हे ॲप राजाला उडी मारू देत नाही, राजा पुन्हा जागेवर जाऊन बसतो. आक्का सांगायची, तसं झालं की दाजी फोनकडं असं बघतात की जणू मीच नांदेडहून राजाचा पाय धरून ठेवलाय.

अशातच भाचीची सोयरीक निघाली. मुलगा मुखेडचा, नोकरीला भोकरला, कृषी खात्यात. भाचीला पसंत होता. बैठकीचा दिवस ठरायला आला तेव्हा प्रश्न निघाला, बापाच्या जागी कोण बसणार. दाजींचे धाकटे भाऊ शिरूर अनंतपाळला शिक्षक आहेत. आजारपणात दवाखान्याची धावपळ त्यांनीच केली. आक्का म्हणाली, भाऊजी बसतील.

भाचीनं मला फोन केला. "मामा, माझे पप्पा आतल्या खोलीत बसणार का? त्यांना आत ठेवून माझी सुपारी फुटत असंल तर मला ती बैठकच नको."

मी तिच्या काकांना फोन लावला. मन मोकळं ठेवून बोलणारा माणूस आहे. ते म्हणाले, "पाव्हणं, मला काय बसायची हौस हाय का? पण मुखेडची माणसं विचारणार, मुलगी दिली का. दादा म्हणणार हाव. मग विचारणार, हुंड्यात गाडी देता का. दादा म्हणणार हाव. मी काय करू?"

"त्यांना कळतं. ते माझ्यासंगं रोज बुद्धिबळ खेळतात."

"तुमी नांदेडात, दादा लातुरात. शेजारचं पोरगं खेळत असंल त्या फोनवर."

मी एका घराची चाल त्यांना समजावून सांगितली. ते ऐकून घेऊन म्हणाले, "तुमाला पटलं. तीस माणसाला कसं पटवायचं?"

मला वाटलं, ते दुसरं बटण चालू करावं. गटातल्या सगळ्यांना रोज दिसू दे, दाजी बुद्धिबळ खेळत आहेत. ज्याला शंका असेल त्यानं एक डाव खेळून पाहावं.

पुढच्या रविवारी लातूरला गेलो. भाचीही पुण्याहून आली होती. आक्काला बेत सांगितला तर ती तव्यावरची भाकरी उलटता उलटता म्हणाली, "लई शहाणा हायस. लोक म्हणतील, बायको चुलीपाशी मरून राहिली न् ह्यो गेम खेळून राहिला."

"आक्का, तो गेम न्हाई, बुद्धिबळ आहे."

"लोकांला दोन्ही एकच."

तरी ती आडवी आली नाही. मी दाजींच्या शेजारी बसलो, सेटिंगचं पान उघडून फोन उशीवर ठेवला आणि सावकाश सांगितलं. हे बटण चालू केलं तर गटातल्या सगळ्यांना दिसेल की तुम्ही खेळताय. चालू करू का?

"हाव," दाजी म्हणाले.

मी चालू केलं. दाजींचा डावा हात उशीवरून पुढं आला. त्यांनी बोटानं ते बटण बंद केलं.

मला वाटलं, चुकून लागलं. मी पुन्हा चालू केलं. त्यांनी पुन्हा बंद केलं आणि म्हणाले, "हाव." दोनदा झालं म्हणून मी निकाल लावायला तयार नव्हतो. समोर दिसेल ते बटण दाबायची त्यांना सवय लागलेली असू शकत होती. म्हणून तिसऱ्या वेळी मी काहीच चालू केलं नाही. बटण बंद होतं तसंच ठेवून फोन त्यांच्यापुढं केला आणि विचारलं, "असंच राहू द्यायचं?"

"हाव." हात जागचा हलला नाही.

मग वरचं बटण दाखवलं, ज्यानं मला आणि भाचीला दिसतं. "हेही बंद करायचं?" "हाव," म्हणाले, आणि माझा हात मनगटाला धरून बाजूला सारला. ते चालूच राहिलं.

आक्का दारात उभी होती. हाताला पीठ तसंच. तिनं सगळं पाहिलं होतं. दाजींच्या तोंडाला एकच शब्द उरला होता आणि घरानं त्या एका शब्दावर सगळा हिशोब बंद केला होता. हाताला कोणी विचारलंच नव्हतं.

आक्का हळूच म्हणाली, "मग मुलाला हाव म्हणले ते?"

कारण तेही झालं होतं. मुलाचा फोटो तिनं महिन्यापूर्वी त्यांच्यापुढं धरला होता, दाजी हाव म्हणाले होते, आणि त्यावर गाडी पुढं गेली होती.

तिनं हात धुतले, कपाटातून मुलाचं परिचयपत्र काढलं. पुढं फोटो, पाठीमागं माहिती छापलेली. ते त्यांच्या मांडीवर ठेवून ती समोर खाली बसली. "तोंडानं काही म्हणू नका. पटला असंल तर असाच ठेवा. न्हाई तर पालथा घाला."

दाजींनी फोटो पाहिला आणि पालथा घातला.

भाचीचा चेहरा उतरला. आक्कानं पदर तोंडाला लावला. मी मात्र त्यांच्या बोटाकडं पाहत होतो. ते पाठीमागचा मजकूर वाचत होते. बोट एकेका ओळीवरून खाली सरकलं आणि नोकरीच्या ठिकाणावर, भोकर या शब्दावर थांबलं. मग त्यांनी मुलीकडं पाहिलं.

भाचीला कळायला थोडा वेळ लागला. "मी पुण्याला, तो भोकरला. राहणार कुठं, असं विचारताय ना पप्पा?"

"हाव." बोट तिथंच.

"ते अजून आमचं ठरलं न्हाई."

बोट हललं नाही. हा प्रश्न आमच्यापैकी कोणीच विचारला नव्हता. काकांनी नाही, मी नाही, आक्कानंही नाही. भाची फोन घेऊन गच्चीवर गेली. खाली आली ती अर्ध्या-पाऊण तासानं, डोळे लाल करून पण शांत. "नांदेडात राहायचं. तो भोकरला ये-जा करंल. मला कंपनीकडून घरून काम करायची परवानगी काढावी लागंल, ती मिळेपर्यंत लग्नाची तारीख धरायची न्हाई. त्याला हे मान्य हाय."

दाजींनी कागद उलटला. फोटोची बाजू वर आली.

आक्कानं त्याच दुपारी शिरूरला फोन लावला. "भाऊजी, बैठकीत हेच बसणार. तुमी बाजूला बसा."

बैठक घरातच झाली. वंदना झाली, सगळ्यांनी त्रिशरण-पंचशील म्हटलं. दाजी डावा हात छातीशी धरून ओठ मिटून बसले होते. मुखेडच्या वडीलधाऱ्या पाहुण्यांनी काकांकडं वळून विचारलं, "मग, मुलगी दिली म्हणायचं ना?"

"मला न्हाई," काका म्हणाले. "दादाला विचारा."

पाहुणे जरा गोंधळले. त्यांनी दाजींना विचारलं.

"हाव," दाजी म्हणाले.

पाहुण्यांनी खुशीत पेढ्यांच्या ताटाकडं हात नेला. आक्का मागून म्हणाली, "थांबा पाव्हणं. त्यांचा हात बघू द्या."

पाहुण्यांनी हात मागं घेतला. काहींना कशासाठी थांबायचं तेही कळलं नसेल. दाजींनी घाई केली नाही. आधी मुलीकडं पाहिलं, मग त्या मुलाकडं. मग त्यांचा डावा हात छातीवरून निघाला आणि त्यांनी पेढ्यांचं ताट पाहुण्यांपुढं सरकवलं.